अण्णांचं एरवीचं बोलणं

मी लिहावं एवढी माझी पात्रता नाही, क्षमा असावी. आमच्या घरातून कॉलेजात आलेला मी पहिलाच. मानसशास्त्राच्या तासाला बाई म्हणाल्या, "माणूस बदलला म्हणण्याआधी तो एरवी कसा असतो ते टिपा. ती त्याची बेसलाइन." मला वडील आठवले. फोनवर अण्णांचं ठरलेलं, "बरा आहेस ना? थांब, आईला देतो."

परवा मात्र ते बोलतच राहिले. "शेळीला दोन करडं झाली. एक तर तुझ्यासारखंच हट्टी!" आई म्हणे शेजारी गेली होती. ऐकताना गोड वाटलं, मग बाईंची बेसलाइन आठवली. कुणाचं एरवीचं वागणं पाठ असणं, हीच माया असेल का?

ताईला फोन लावला. ती म्हणाली, "तुझी परीक्षा म्हणून अण्णांनी सांगू दिलं नाही रे. आईचं ऑपरेशन झालं. आज उठून बसली, चहा मागितला तिनं."