देवकाबाईची राख

देवकाबाईच्या घरची राख गावात चालत नसे. आमगावच्या पुढचं, रेल्वेरुळापलीकडचं हे गाव. इथे धान खळ्यावर आलं की त्याच्याभोवती राखेचं रिंगण ओढतात, आणि खळ्यावर ज्यांचं ज्यांचं धान आहे त्या प्रत्येक घरच्या चुलीची चिमूट त्यात पडावी लागते. गावाचं खळं एकच, उंचावरचं, टणक मुरमाचं. ज्या घरची राख चालत नाही, त्या घरचं धान त्या खळ्यावर चढत नाही.

कारण आकाशात होतं. कार्तिकात रात्र चढली की पूर्वेला, कृत्तिकांच्या बऱ्याच खाली, मृगाच्या चांदण्यांत एक धुरकट डाग दिसतो. गाव त्याला राखडी म्हणतं. म्हणे एकदा देव भिकाऱ्याच्या रूपात खळ्यावर पसाभर धान मागायला आला आणि एका बाईने त्याच्या तोंडावर चुलीतली राख फेकली. देव वर निघून गेला, राख तशीच राहिली. ती बाई देवकाबाईच्या सासरची. तिचं नाव काय, किती पिढ्यांमागची, कुणाला ठाऊक नाही. घर मात्र सगळ्यांना पक्कं ठाऊक.

सडक अर्जुनीकडून लग्न होऊन आली तेव्हा देवकाला हे कुणी सांगितलं नव्हतं. पहिल्याच वर्षी ती हौसेने सुपात राख घेऊन खळ्यावर गेली आणि बायांनी तिला गावच्या बोडीपर्यंत, तळ्याच्या काठापर्यंत, हुसकत आणलं. त्या दिवसापासून तिची जीभ तिखट झाली. नवरा सुखराम मुकाट्याने आपल्या बांधीतच, धानाच्या शेतातच, धान चुरायचा, मळणी उरकायचा. तो वारला, पण ही काही मुकी झाली नाही. रस्त्यात कुणी तोंड फिरवलं तर मुद्दाम हाक मारून विचारायची, मान अवघडली का म्हणून. लोक तिला भीत, आणि भीत म्हणून आणखी दूर ठेवत.

यंदा धान कापून झालं आणि अवकाळी पाऊस लागला. तिची बांधी खोलगट. कापलेल्या धानाच्या कडपा, आडव्या पडलेल्या मुठी, पाण्यात तरंगू लागल्या. उंचावर नेऊन पसरल्या नाहीत तर दाण्याला कोंब फुटणार आणि वर्षाचा भात जाणार. खळ्याचा मान यादोरावकडे. ती त्याच्या दारात गेली. तो ओसरीवरून उठलासुद्धा नाही. खळं देवाचं, माझं असतं तर दिलं असतं, म्हणाला. ती त्याच्या अंगणात थुंकून परत आली.

नात टीना गोंदियाला कॉलेजात शिकत होती. राखडीचं खरं काय ते कॉलेजातल्या सरांनीच सांगितलं तर गाव ऐकेल, असं तिला वाटलं. आभाळ उघडलं त्या रात्री तिने वीरेंद्र सरांना दुर्बीण घेऊन बोलावलं. शाळेच्या पटांगणात गाव जमलं. सर म्हणाले, ही राख नाही, हा तेजोमेघ आहे, वायूचा आणि धुळीचा अफाट ढग. आज दिसतो तो उजेड तिथून निघाला तेव्हा इथे गाव वसलंच नव्हतं.

देवकाबाई उभी राहिली. "ऐकलं का, यादोराव? गावच नोहतं. मंग माह्या घरची बाई कुठं उभी राहून राख फेकून राहिली होती?"

पोरं हसली. यादोराव हसला नाही. "धूळ तं हायच म्हनते ना मास्तर," तो म्हणाला. "धूळ का अन् राख का."

गावाला हायसं वाटलं. सर घाईघाईने म्हणाले, नुसती धूळ नव्हे, याच्यातून नवे तारे जन्माला येतात. पण माणसं उठून चालू लागली होती. यादोरावची बायको रुख्मा तेवढी बसून होती.

दुसऱ्या दिवशी दुपारी ती पितळी डबी घेऊन देवकाबाईच्या मागच्या दाराशी आली. तिची सून रीता, लग्नाला वर्षं झाली, कूस उजवत नव्हती. ज्याच्यात तारे जन्मतात त्या राखेचा गुण सुनेला येईल, असं रुख्मा खालच्या आवाजात म्हणाली. देवकाबाई खोकला येईपर्यंत हसली.

"राख भेटंल," ती म्हणाली. "पन मागच्या दारानं नाई. यादोरावले म्हना, माह्या कडपा खळ्यावर न्या, अन् माही राख रिंगनात टाका, सगळ्यायच्या समोर. मंग डबी भरतो."

रुख्मा गेल्यावर टीना चिडली. "आजी, राखेनं का लेकरू होते? तू त्यायले फसवून राहिली."

"राखेत काई नाई, हे मी जिंदगीभर सांगतलं. कोनं ऐकलं? आता कायले सांगू?"

दिवस मावळायच्या आत यादोरावचा ट्रॅक्टर तिच्या बांधीवर आला. कडपा वर चढल्या. रिंगण ओढताना यादोरावने तिच्या सुपातली राख मेलेली पाल उचलावी तशी दोन बोटांनी उचलली. बायका पदर तोंडाला लावून उभ्या होत्या.

डबी न्यायला रीता आली. सासू बाहेर थांबली होती. देवकाबाईने डबी भरली आणि हळूच सांगितलं की याच्यात काही गुण नाही, गोंदियाला डॉक्टरीनबाईला दाखव आणि नवऱ्यालाही संग ने.

"ते नाई येत, काकी," रीता म्हणाली. "मी म्हटलं होतं. मामंजी मलेच बोलले."

देवकाबाईने डबीचं झाकण गच्च बसवलं. "मंग सासूले सांग, दोघं मिळून दवाखान्यात गेल्याबिगर या राखेचा गुन लागत नाई. देवकानं सांगतलं म्हन."

त्याच आठवड्यात यादोरावचा पोरगा फुगलेल्या तोंडाने आमगावच्या फलाटावर गोंदियाच्या गाडीची वाट पाहत बसलेला लोकांनी पाहिला. शेजारी रीता होती.

देवकाबाईचं धान वाळलं, चुरलं, पोत्यांत भरलं. शेवटचं पोतं उचललं तेव्हा यादोराव खळ्याच्या कडेला पाठ करून उभा होता. यंदाचं झालं ते झालं, पुढल्या साली पाहू, असं तो तिकडे तोंड ठेवूनच म्हणाला.

"पाहा," देवकाबाई म्हणाली. "तवापर्यंत माह्या राखेच्या गुनानं तुमाले नातू झाला, तं त्यालेबी हुसकून द्या खळ्यावरून."