काजूचा कौल

आमच्या गावात देवाला विचारल्याशिवाय कोणी काही करत नाही. म्हैस हरवली, विचारा. मुलीचं जमत नाही, विचारा. निवडणुकीला उभा राहू का, तेही विचारा. देवाच्या पाषाणाच्या डाव्या-उजव्या अंगाला ओल्या पाकळ्या चिकटवायच्या आणि वाट बघायची. उजवी पडली की होकार, डावी पडली की नकार. हा कौल. देव विचारलं तेवढंच सांगतो, एक अक्षर जास्त नाही, अगदी तलाठी कचेरीतल्या माणसासारखा.

माझा नवरा मुंबईची नोकरी संपवून घरी आला आणि त्याच्या डोक्यात काजू शिरला. घरामागचा डोंगर त्याला एकाएकी रिकामा दिसायला लागला. ऐन, किंजळ, करवंदीच्या जाळ्या, मोर, डुकरं, सगळं होतं त्यावर. पण त्यातलं काही बाजारात जात नाही, म्हणून रिकामा! जेसीबी लावून सगळं खरवडायचं आणि काजूची कलमं लावायची, असा बेत ठरला.

माझा जीव डोंगराखालच्या मळ्यात. पावसाळी भात सगळेच करतात. मी वायंगणही करायची, म्हणजे पाऊस संपल्यावर व्हाळाच्या पाण्यावर घेतलेलं दुसरं भात. दगड, माती, पाला टाकून त्या ओढ्याला बांध घालायचा आणि पाटाने पाणी मळ्यात आणायचं. घर सासऱ्यांचं, डोंगर नवऱ्याचा, देव गावाचा. मळा तेवढा माझा.

"डोंगर बोडको केल्यार माझा पाणी जातला," मी म्हटलं.

"पाणी व्हाळातना येता गो, डोंगरातना नाय."

"आणि व्हाळ खंयसून येता? तुमच्या आत्येच्या घराकडसून?"

आम्हीही काही साधू नव्हतो म्हणा. भाताची रोपं करायच्या जागेवर राब भाजायला त्याच डोंगराच्या फांद्या पिढ्यानपिढ्या तोडत आलो. धुराने डोळ्यांचं वाटोळं व्हायचं. पण फांदी तोडली तरी झाड ठेवायचो, कारण पुढच्या वर्षी पुन्हा तिथेच तोडायला जायचं असायचं. एवढी अक्कल आमच्या आळसातही होती.

शेवटी नवरा म्हणाला, देवाक विचारूया. गेलो देवळात. गावच्या मानकऱ्याने गाऱ्हाणं घातलं, "बा देवा म्हाराजा, ह्यो तुझो लेकरू काजू लावता हा, तेका बरकत येतली काय, सांग रे म्हाराजा!" बाकीचे एका सुरात ओरडले, "व्हय म्हाराजा!" आमच्याकडे गाऱ्हाण्याच्या दर वाक्याला असं ओरडायचंच असतं, वाक्य ऐकलंच पाहिजे असं नाही. आणि उजवी पाकळी पटकन पडली. नवऱ्याचं तोंड असं फुललं, जणू काजू लागलेसुद्धा.

मी बघत होते, उजव्या बाजूला कोणा चाकरमान्याने देवाला दिलेला पंखा गरगरत होता.

"पंखो बंद करा," मी म्हटलं. "आता माझा विचारा. पाणी ऱ्हवतला काय?"

झालं! सगळे माझ्याकडे बघायला लागले. बाईमाणसाने मधेच उठून विचारायचं म्हणजे काय! नवरा दातओठ खात म्हणाला, "एकदा सांगल्यार परत विचारूचा नाय. देव रागावता."

"देवाक राग येता, आणि माका येता ता?"

गुरवाने गुपचूप पाकळ्या लावल्या. दरवर्षी माझ्या वायंगणाच्या पहिल्या तांदळाचा नैवेद्य देवाला जायचा आणि त्यानंतर गुरवाच्याच पोटात जायचा, त्याला कळकळ असणारच. पण पाकळ्या काही हलेनात. ना डावी, ना उजवी. जेवणाची वेळ टळली. मानकरी जांभया देऊ लागला. शेवटी एकेक जण चपला घालून निघून गेला.

"देवान नको म्हणान सांगल्यान नाय," नवरा म्हणाला आणि त्याच आठवड्यात जेसीबी आला.

पुढच्या पावसात डोंगराची लाल माती माझ्या मळ्यात येऊन बसली. काजूखाली गवत नको म्हणून नवरा तणनाशक मारायचा, त्यामुळे माती धरायला काडीसुद्धा उरली नाही. पण खोटं कशाला बोलू, तिसऱ्या वर्षी काजू मात्र आला, चांगला लगडून आला. देव शब्दाला जागला.

व्हाळ मात्र दरवर्षी लवकर आटायला लागला. पूर्वी शिमगा झाला तरी खळखळायचा. मग आधीच मुका व्हायला लागला. यंदा बांध घालायला गेले तर अडवायला पाणीच नव्हतं. नुसते दगड. मी तिथेच बसून रडले. उगाच कशाला लपवू? नवरा वर काजूत होता. त्याने बघितलं आणि खाली आला नाही.

नैवेद्याचा दिवस आला तशी मी दुकानातल्या तांदळाचा भात शिजवला, देवाचं पान वाढून वाडी भरली आणि देवळात गेले. नवरा मागोमाग आला. गाऱ्हाणं घालायला कोणी नव्हतं, मग मीच घातलं.

"बा देवा म्हाराजा, तुका पाण्याचा विचारलंय तेव्हा तू गप ऱ्हवलस. आता दुकानातलो तांदूळ खा. तुझी बरकत डोंगरार आसा आणि माझो मळो सुको पडलोसा. गप ऱ्हवलल्याचा पण पाप लागता, रे म्हाराजा!"

देऊळ रिकामं होतं. मी वाडी खाली ठेवली, तेव्हा मागून नवऱ्याचा आवाज आला, अगदी हळू.

"व्हय म्हाराजा."