माझ्या हद्दीतली कोंबड्याची फुलं

येरमाळ्यात माझ्या दुकानामागं राहणाऱ्या मावशींनी गेल्या वर्षी मला जागेची एक पट्टी विकायला साफ नकार दिला. तेव्हापासून आमचं बोलणं बंद आहे. यंदा त्यांच्या अंगणातल्या कोंबड्याच्या फुलांचं बी तारेच्या कुंपणाअलीकडं, माझ्या हद्दीत पडून उगवलं. उन्हाळ्यात इथं नळाला आठवड्यानं पाणी येतं. तरी मावशी तांदूळ धुतलेलं पाणी साठवतात आणि तारेतून हात घालून ती रोपं भिजवतात. लाल तुऱ्यांवर बसलेली हायवेची धूळ पदरानं पुसतात. फूल मात्र एकही तोडत नाहीत.

शेवटी मीच तडकलो. "मावशी, ही जागा माझी हाय!"

"व्हय शेठ, तुमचीच. म्या काय ती भिजवून घरी न्हेते व्हय?"

हा टोमणा होता की माया, मला कळेना.

काल त्याच जागी दुकानाच्या शेडसाठी खड्डे खणायला मीच बोलावलेला माणूस आला. त्यानं निघून जावं म्हणून मी मुद्दाम मजुरी निम्म्यावर आणली. तो कबूल झाला. मग मी त्याच्यावरच ओरडलो आणि त्याला परत धाडलं. इतक्या स्वस्तात ठरलेला सौदा मी आजवर कधी मोडला नव्हता.