साडी नेसून बसायचं नाही

जळगावातल्या एका साडीच्या दुकानासाठी मी नऊ वर्षं मॉडेलिंग केलं. नशिराबादच्या अलीकडे, हायवेवर माझं भलंमोठं होर्डिंग होतं. त्याखाली केळीचे ट्रक चहाला थांबायचे आणि मी वरून शालू नेसून हसायचे. या कामाचा नियम एकच. फोटोसाठी नेसलेली साडी संध्याकाळी घडी घालून परत विक्रीला जाते, म्हणून ती नेसून बसायचं नाही. नऊ वर्षं मी चहा उभ्यानं प्यायले, डबाही उभ्यानंच खाल्ला.

मग होर्डिंगवर माझ्याहून दहा वर्षांनी लहान मुलगी आली. राग आला, खोटं कशाला बोलू. त्यानंतर थोड्याच दिवसांत धुळ्याच्या काही पोरांचा फोन आला. मोबाईलवर बघायची अहिराणी मालिका ते करत होते. थोरल्या सुनेची भूमिका होती, पण आधी एक दिवस काम करून दाखवायचं. नाही जमलं तर दुसरी एक जण तयारच होती. मला मात्र दुसरं काहीच नव्हतं.

साक्रीजवळच्या खेड्यात, एका अक्कांच्या अंगणात शूटिंग होतं. प्रसंग साधाच. सासू घराबाहेर काढते, सून अंगणात बसकण मारते आणि जाणार नाही म्हणते. संवाद तोंडपाठ होते, अहिराणी तर घरचीच. पण बसायची वेळ आली की माझे गुडघे अर्ध्यातच अडायचे. निऱ्या उचलून मी अधांतरी राहायचे, आणि हनुवटी आपोआप कॅमेऱ्याकडे वळायची. सात वेळा असंच झालं. माझ्या धाकट्या भावाच्या वयाचा दिग्दर्शक शेवटी शांतपणे म्हणाला, जेवणानंतर त्या दुसऱ्या ताईंना बोलावून बघू. मला त्याच्यापेक्षा स्वतःचीच जास्त चीड आली.

घरमालकीण अक्का ओट्यावर लसूण सोलत सगळं बघत होत्या. त्यांनी मला जवळ बोलावलं.

"बाई, हाई लुगडं तुन्हं शे का दुकाननं?"

साडी माझीच होती, माझ्या पैशांनी घेतलेली. तरी मी आधी पदर चाचपून बघितला.

"मन्हं शे."

"मंग बठ ना."

त्यांनी लसणाचं सुपडं माझ्यापुढे सरकवलं. मी तिथंच ओल्या सारवणावर मांडी घातली आणि जेवणं होईपर्यंत लसूण सोलत राहिले. मग दिग्दर्शकाला म्हणाले, अजून एकदाच घे.

या वेळी मी धप्पकन बसले. कॅमेरा कुठे आहे ते आठवलंच नाही. समोर सासू होती आणि नऊ वर्षांचा राग होता.

"मी नही जावाव. हाई घर मन्हं बी शे."

मग दिग्दर्शकानं खिशातून फोन काढला आणि त्या दुसऱ्या ताईंना येऊ नका म्हणून सांगितलं. ते मी बसूनच ऐकलं. साडी मागून पार शेणामातीनं भरली होती आणि मला फार, फार बरं वाटत होतं.