झाकण उचलणारा मेहुणा

लाइनमन गॅसच्या बाबतीत हाताचा आखडता. डोंगरातले विजेचे टॉवर तपासत तो दिवसभर पायी हिंडायचा आणि दुपारी छोट्या स्टोव्हवर चहाचं पाणी ठेवायचा. स्टोव्ह दगडांच्या आडोशाला, पाणी लागेल तेवढंच आणि भांड्यावर झाकण घट्ट, म्हणजे उकळी लवकर येते.

सोबतीला मेहुणा असायचा. त्याला दम कसा तो नव्हताच, सारखं झाकण उचलून बघायचा.

"अरे बाबा, वाफ जाते. पाणी काय पळून जाणार आहे?" लाइनमन खेकसायचा.

"नुसतं बघितलं हो दाजी," मेहुणा हसायचा.

मागच्या हिवाळ्यात मेहुणा टॉवरवरून पडला आणि जागीच गेला.

आता लाइनमन एकटाच जातो. एका कपाचं पाणी ठेवतो, तरी उकळायला पूर्वीइतकाच वेळ लागतो. दुकानदाराने स्टोव्ह खोलून पाहिला, त्यात काही खोट नव्हती. एकदा लाइनमन बूट झटकत असताना मागे झाकण खणकलं. वळून पाहिलं तर ते तिरपं पडलेलं, कडेने वाफ चाललेली. वारा तर सकाळपासून पडलेला होता. तोंडाशी आलेलं खेकसणं त्याने गिळलं.

तेव्हापासून पाणी ठेवलं की तो मुद्दाम पाठ फिरवून बसतो.

"हल्ली एकट्यालाही गॅस इतका कसा लागतो हो?" बायको विचारते.

"वर वारा फार असतो," तो आपल्या मेहुण्याच्या बहिणीला सांगतो आणि गॅसची जास्तीची एक डबी पिशवीत टाकतो.