तो की ते

आमच्या चर्चच्या मंडळीत शास्त्रवाचनाला माझी मावशी उभी राहिली की मागच्या बाकांवरची कुजबूज आपोआप थांबायची. देवाचं भय हे त्याचं एक कारण. दुसरं असं, की मागच्या बाकांवरचे निम्मे लोक तिचे विद्यार्थी होते. मावशीनं उभा जन्म हायस्कुलात मराठी शिकवलं. मग निवृत्त झाली आणि शाळा सुटली. काका त्याआधीच गेले होते. मुलगा आणि सून बंगळुरूला. तिच्याकडे स्वतःचं म्हणावं असं उरलं ते रविवारचं वाचन. आठवडाभर ती ते घरात मोठ्यानं घोकायची. आम्ही तिच्या खालच्या मजल्यावर राहतो, त्यामुळे मंगळवारपर्यंत ते आम्हालाही पाठ व्हायचं.

या वाचनात तिची एक खोड होती. शास्त्रात सगळीकडे येशू 'तो' आहे. तो आला, तो बसला, तो म्हणाला. मावशीच्या तोंडून मात्र तो 'ते' होऊन बाहेर पडायचा. छापलेलं एकवचन डोळ्यांत शिरायचं आणि जिभेपर्यंत येईस्तोवर त्याचं आदरार्थी बहुवचन झालेलं असायचं. सर्वनाम, क्रियापद, सगळं जागच्या जागी वळवून, एकदाही न अडखळता. ही कसरत किती अवघड आहे ते मी सांगतो, कारण मी एकदा करून पाहिली आणि दुसऱ्याच ओळीत येशूला पकडून देणाऱ्या यहूदालाही 'ते' म्हणून बसलो. शाळेत बाकं दुरुस्त करायला सुतार आला, तेव्हा 'बाई, तो आला' म्हणणाऱ्या पोराला तिनं 'ते आले' असं दहादा म्हणायला लावलं होतं. अशी बाई तारणाऱ्याला अरे-तुरे करेल कशी? आम्हा सगळ्यांच्या कानांना ते 'ते' सवयीचं झालं होतं आणि कुणाचं काही बिघडत नव्हतं.

बिघडलं माझ्या घरी. आमच्या लग्नाच्या वाढदिवसाची उपकारस्तुती, म्हणजे देवाचे आभार मानायची प्रार्थनासभा होती. गच्चीवर मंडप, खुर्च्या, बिर्याणी. शेजारचे चाचाही आले होते. त्यांचं घड्याळांचं दुकान आहे आणि हर्सूलला भाऊबंद. आमच्याकडच्या प्रत्येक कार्याला ते नेमानं येतात आणि पहिल्या रांगेत बसून सगळं लक्ष देऊन ऐकतात, जे आमच्यातले फार थोडे करतात. मावशीनं त्या दिवशी दहा कुष्ठरोगी बरे झाल्याची गोष्ट वाचली. उपकारस्तुतीला हीच शोभते, कारण दहांतला एकच आभार मानायला परत येतो.

आता बघा गंमत. दहा रोगी म्हणजे 'ते'. आणि मावशीच्या वाचनात येशूही 'ते'. ते गावात शिरत होते, तेव्हा ते दूर उभे राहिले. त्यांनी त्यांना हाक मारली. त्यांनी त्यांच्याकडे पाहिलं. ते म्हणाले आणि ते निघाले.

जेवताना चाचा माझ्या कानाशी आले. "भाई, बुरा मत मानना. वो मॅडम पढे ना, ते आले, ते बोलले. तो कित्ते जने थे वो? कौन बीमार था, किसने ठीक किया, मेरे कू कुछ समझाच नै." मग आवाज आणखी खाली आणून म्हणाले, "आप लोगां तो खुदा एकीच बोलते ना?"

माझ्यामागे आमच्या चर्चचे पाळकसाहेब ताट घेऊन उभे होते. त्यांनी ते ऐकलं आणि त्यांचा घास अडकला.

पाळकसाहेब आमच्याकडे नवे होते. माणूस लासूर स्टेशनचा. धर्मशिक्षणाला जाण्याआधी वडिलांच्या आडतीवर काट्यापाशी बसलेला, त्यामुळे शब्दही मापून देणारा आणि मापून घेणारा. त्यांनी तिथंच चाचांना त्रैक्य समजावून सांगितलं. देव एकच, पिता, पुत्र, पवित्र आत्मा, तीन देव नव्हेत आणि एकाची तीन सोंगंही नव्हेत. मी मदतीला पाणी, बर्फ आणि वाफेचा दृष्टांत घेऊन पुढं सरसावलो, तर तो त्यांनी माझ्या तोंडातच दाबला. ते म्हणे फार जुनं पाखंड आहे. मी इतकी वर्षं नाताळच्या नाटकातल्या पोरांना तोच शिकवत होतो. चाचांनी सगळं शांतपणे ऐकलं, पटलं असं काही म्हणाले नाहीत, आणि खीर घ्यायला गेले.

दुसऱ्या दिवशी पाळकसाहेब मावशीकडे आले. चहाचं निमित्त करून मीही वर गेलो. असा प्रयोग मी सोडत नसतो. उत्तम शुक्रवार, म्हणजे गुड फ्रायडे, तोंडावर आला होता. त्या दिवशीचं वाचन सगळ्यांत लांब, अटकेपासून कबरेपर्यंत, आणि निवृत्तीपासून ते मावशीचंच होतं.

आधी त्यांनी तिच्या आवाजाची तारीफ केली. मग म्हणाले, फक्त जसं छापलंय तसं वाचावं. शास्त्र आपल्यावर आहे, आपण शास्त्रावर नाही. आज कुणी आदरापोटी एक शब्द बदलला, तर उद्या दुसरा रागापोटी बदलेल आणि त्याला थांबवायला आपल्याला तोंड उरणार नाही.

मावशी व्याकरणात शिरली. मूळ भाषेत असलं आदरार्थी बहुवचन नाहीच, मग 'तो' हीसुद्धा भाषांतर करणाऱ्याची निवडच झाली. त्यानं एक निवडलं, मी दुसरं निवडते, आम्ही दोघंही माणसंच. मला हे बिनतोड वाटलं. पाळकसाहेबांना वाटलं नाही.

"मॅडम, भाषांतर करणाऱ्याला मराठी कळत होती," ते म्हणाले. "आपण गुरुजी आले म्हणतो, कलेक्टर आले म्हणतो. पण देव पावले म्हणतं का कुणी? देव पावला म्हणतात. 'ते' म्हटलं की येशू थोर माणूस होतो. थोर माणसं जगात लई झाली."

"म्हणजे बिशपसाहेब 'ते' आणि त्यांचा मालक 'तो'?"

"व्हय. बरोबर तेच."

"आणि प्रभूशेजारच्या क्रुसावरचा चोर? तोही 'तो'च," मावशी म्हणाली. "एका ओळीत चोर आणि प्रभू माझ्या तोंडून सारखेच निघणार. हे मला जमायचं नाय."

रागावली की तिच्या शुद्ध मराठीतून असं माहेरचं 'नाय' डोकं काढतं. पाळकसाहेबांनी कप खाली ठेवला. मग खाली मान घालून म्हणाले, छापल्याप्रमाणं जमत नसेल तर या वेळी दुसऱ्या कुणाला तरी विचारावं लागेल.

"विचारा," मावशी म्हणाली. तिनं चष्मा काढला, डबीत ठेवला आणि डबी मिटली.

त्यानंतर वरच्या मजल्यावर शांतता पसरली. मंगळवार आला, गेला, आम्हाला काहीच पाठ झालं नाही. मावशी भाजी आणायला जाईना, फोनवर मुलाला नुसतं हं-हं करी. वाचन गेलं तर तिचं काय उरेल, हे खालून ऐकूनही कळत होतं. बायकोनं मला वर पाठवलं. समजूत घालणं मला येत नाही, म्हणून मी खोडी काढली.

"मावशी, तू प्रार्थनेत त्याला काय म्हणतेस?"

"काय म्हणजे?"

"प्रभू, तू दे, तू ऐक. सरळ अरे-तुरे. लोक तोंडावर अहो म्हणतात आणि पाठीमागं एकेरीवर येतात. तुझं सगळं उलटंच."

तिनं माझ्याकडे रोखून पाहिलं. वर्गात असती तर खडू आला असता.

"तुझ्या काकांना मी चारचौघांत काय म्हणायचे?"

"अहो."

"आणि घरात?"

मला माहीत नव्हतं.

"तू," ती म्हणाली, आणि सत्तरी ओलांडलेली माझी मावशी चक्क लाजली. "दार लावलं की तू. भांडण झालं की मात्र घरातसुद्धा अहो. तुम्ही जेवून घ्या, तुमचा डबा भरलाय. दोन-दोन दिवस. त्यांना तेच सगळ्यांत जास्त लागायचं."

"म्हणजे घरातलं नातं चारचौघांत कळेल, एवढीच भीती ना?"

"गप बस. हेरोद कुठला."

नाताळच्या नाटकात दुष्ट राजा हेरोद दर वर्षी मीच असतो, तेव्हा हे मी कौतुक समजून खाली आलो.

दुसऱ्या दिवशी पहाटे वरून आवाज आला. एकदाही न अडखळणारी बाई दर ओळीला अडखळत होती. "ते म्ह... तो म्हणाला. त्यांना... त्याला नेलं." पुन्हा पहिल्यापासून. त्याच दुपारी तिनं पाळकसाहेबांना फोन करून सांगितलं, मी वाचते, छापलंय तसं.

उत्तम शुक्रवारी मी शेंद्र्याच्या कारखान्यातली माझी पाळी बदलून घेतली आणि दुसऱ्या बाकावर जाऊन बसलो. मावशीनं चष्मा लावला. अटक, चौकशी, चाबूक. प्रत्येक 'तो'च्या आधी ती किंचित थांबत होती, जणू उंबऱ्याला पाय लागू नये म्हणून जपून आत जावं तशी. मागच्या बाकांवर एकमेकांकडे माना वळल्या. तिच्या विद्यार्थ्यांना कळलं होतं. चोर बोलला तिथं तिनं 'तो म्हणाला' वाचलं, आणि त्याला येशूनं उत्तर दिलं तिथं पुन्हा 'तो म्हणाला'. या दुसऱ्यानंतर ती इतकी थांबली की मला वाटलं आता काही पुढं जात नाही. मग तिनं शेवटपर्यंत सलग वाचलं.

उपासनेनंतर पाळकसाहेब तिच्यापाशी आले आणि सलाम केला. मावशीच आधी बोलली.

"चोराशेजारी टांगायचं तर 'तो'च लागतो. 'ते' असते, तर लोकांनी त्यांना वेगळी जागा दिली असती." मग म्हणाली, "देवाला तो, चोरालाही तो. आदर लागतो तो मधल्या साहेबलोकांना. त्या दिवशी तुम्ही मला अर्धंच सांगितलंत."

पाळकसाहेबांनी विचारलं, हे मी रविवारी उपदेशात सांगितलं तर चालेल का.

"सांगा," मावशी म्हणाली. "पण मी म्हटलं तसंच सांगा. शब्द बदलू नका."

संध्याकाळी उपास सोडायला ती आमच्याकडे खाली आली. खिचडी होती, कढी होती. जेवणाआधीची प्रार्थना नेहमी तीच करते. आम्ही डोळे मिटले.

"प्रभू," मावशी म्हणाली, "तुम्ही दिलेल्या या अन्नाबद्दल आम्ही तुमचे आभार मानतो."

मी एक डोळा उघडला. तिचा चेहरा अगदी कोरा होता. शनिवारी दोन्ही वेळा 'तुम्ही'च होतं, आणि आवाज डबा भरून दिल्यासारखा.

ईस्टरच्या रविवारी, पुनरुत्थानाच्या सकाळी, उपासनेहून आल्यावर बायकोनं चहा आणि खारी समोर ठेवली. मावशीनं डोळे मिटले आणि म्हणाली, "तू."

पुढचं काही मला ऐकू आलं नाही, ती इतकं हळू बोलत होती.