अक्काचा कट्टा

धारवाडच्या त्या घराची आठवण आली की मला आधी कट्टाच आठवतो. मागच्या अंगणात, शहाबादी फरशीचा, दोन बायका शेंगांचं सूप मधे ठेवून बसतील एवढाच. त्यापायी आमचं घर गेलं. आजही कुणी "एवढ्याशा कट्ट्यासाठी?" असं हसून विचारलं की माझं डोकं फिरतं.

पुढच्या भागात घरमालकीण अक्का राहायची, एकटी. मागच्या तीन खोल्यांत आम्ही. माझे वडील, अण्णा, शाळेत मास्तर होते. अक्का कानडीत बोलायची, आई मराठीत उत्तर द्यायची, आणि दोघींचं कधी अडलं नाही. अक्काचे गुडघे धरले होते. खाली बसली की उठताना "यव्वा, यव्वा" करून अर्धी गल्ली जागी करायची. एका थंडीत ती अण्णांना म्हणाली, "मास्तर, मागं ऊन छान येतं. बसायला एक कट्टा करा की." फरशी तिच्याच पडक्या गोठ्यातली. गवंडी अण्णांनी आणला. आठ दिवसांत कट्टा झाला, आणि तेव्हापासून दुपारी अक्का एका टोकाला, आई दुसऱ्या टोकाला. शेंगा फोडायच्या, उणीदुणी काढायची. मी शाळेतून आले की दोघींच्या मधे घुसायची. तसं ऊन मला पुन्हा कुठल्या घरात मिळालं नाही.

महायुद्धात भाडी वाढली, पण भाडेनियंत्रणाचा कायदा आला आणि जुन्या भाडेकरूंचं भाडं गोठलं. अक्काचा मुलगा हुबळीत कोप्पीकर रोडवर दुकान चालवायचा. आम्ही गेलो तर मागच्या खोल्यांना किती भाडं येईल हे त्यानं मनात पक्कं केलं होतं. पण उगाच उठ म्हटलं की भाडेकरू उठत नसतो. अण्णांनी मला बोटांवर मोजून सांगितलं होतं: भाडं थकलं, पोटभाडेकरू ठेवला, घराची नासधूस केली, शेजाऱ्यापाजाऱ्यांना छळलं, मालकाला स्वतःलाच जागा हवी, किंवा त्याच्या लेखी परवानगीवाचून पक्कं बांधकाम केलं, तरच कोर्ट घर खाली करून देतं.

"मग आपल्याला कशाची भीती?" मी म्हटलं.

अण्णांनी कट्ट्याकडे बोट दाखवलं.

खरंच, कागद घेतला नव्हता. कसा घेणार? जी बाई आपल्या परसात वाळवण राखते, आमच्या तापात रात्रभर उशाशी बसते, तिच्याकडून "कट्टा बांधायला हरकत नाही" असं लिहून घ्यायचं? आमच्याकडे तसं मागणं म्हणजे तोंडावर अविश्वास दाखवणं. अक्काच म्हणाली असती, "काय मास्तर, मी मेले का?" नेमकं हेच हेरून मुलानं आईचा अंगठा घेऊन तिच्या नावानं दावा लावला.

कोर्टाचा माणूस फीत घेऊन कट्टा मोजायला आला तेव्हा अक्का त्यावर बसलेली. "आजी, जरा उठा," तो म्हणाला. अक्का हलली नाही. "गुडघे दुखतात. माझ्यासकट मोज." तो बिचारा तिच्याभोवती फीत फिरवत राहिला आणि आई पदर तोंडाला लावून हसत होती. आमचे वकील खूश झाले. "म्हातारीनं 'कट्टा मीच करवून घेतला' एवढं म्हटलं की दावा उडाला," म्हणाले. मी तर गल्लीभर सांगून आले, आम्ही कुठंही जात नाही!

साक्षीच्या दिवशी मीही अण्णांबरोबर कोर्टात गेले. अक्कानं आमच्याकडे एकदाही पाहिलं नाही. कट्ट्याचं विचारल्यावर म्हणाली, "ते मास्तरांनी बांधलं. मला काय ठाऊक?"

घर गेलं. हुबळीत, उणकलच्या वाटेवर, दोन अंधाऱ्या खोल्या मिळाल्या. अंगण नाही, ऊन नाही. निघताना अक्का दारात उभी होती. आईनं वाकून नमस्कार केला, मी तोंड फिरवलं. खोटारडी म्हातारी! पुढं दोन वर्षं मी तिचं नाव घेतलं की शिवी दिल्याशिवाय थांबले नाही, आणि दर वेळी आई म्हणायची, "पुरे गं."

मग एकदा मैत्रिणीच्या लग्नाला धारवाडला गेले. मुद्दाम त्या गल्लीतून गेले, चार शब्द सुनवायचेच म्हणून. आमच्या खोल्यांत नवं बिऱ्हाड. बेकायदा म्हणून गाजलेला कट्टा मात्र जागच्या जागी, आणि त्याच्या एका टोकाला अक्का. दुसरं टोक रिकामं.

"बारवा, कुंद्र," ती म्हणाली. ये गं, बस.

मी उभीच राहिले. "कोर्टात खोटं का बोललात?"

तिनं डोळे पुसले. "मुलगा म्हणाला होता, भाडेकरूच्या बाजूनं बोललीस तर तुझं तोंड बघणार नाही. तरी मी खरं तेच सांगणार होते. आदल्या संध्याकाळी तुझी आई आली. म्हणाली, अक्का, आम्हाला दुसरं घर मिळेल, तुम्हाला दुसरा मुलगा कुठला? सांगा, मास्तरांनी बांधलं म्हणून." मग रिकाम्या टोकाकडे बोट करून म्हणाली, "आता तो दर रविवारी येतो. पण इथं कुणी बसत नाही."

मग मी बसले, आईच्या टोकाला, ऊन उतरेपर्यंत.

घरी येऊन आईवर कडाडले. "तूच सांगितलंस? आणि मला दोन वर्षं शिव्या देऊ दिल्यास?"

आई डाळ निवडत होती. "हळू बोल, अण्णा ऐकतील," म्हणाली. ती खडे वेचत राहिली. मग मान वर न करता तिनं विचारलं, "कट्ट्यावर ऊन अजून माझ्या टोकापर्यंत येतं का गं?"